पंचमीपर्यंत बंदूक नको

सुप्रभा सकाळी रानात गेली तेव्हा माठाचा वाफा नाहीसा झाला होता. आदल्या संध्याकाळी तिथे बोटभर उंचीची लाल रोपं दाटीने उभी होती. आता ओल्या मातीत नुसते खुंट राहिले होते, न्हाव्याने मशीन फिरवल्यासारखे. वाफ्याच्या कडेने काळ्या लेंड्या पसरल्या होत्या. ती तशीच चिखलात गुडघ्यांवर बसली. एक खुंट तिने बोटाने चाचपून पाहिला आणि हातातलं खुरपं मातीत रोवून ठेवलं. जून लागला होता तरी अंगात स्वेटर होता, आणि ढग इतके खाली टेकले होते की पाऊस कधी सुरू होईल याचा नेम नव्हता.

पद्माकर चहाचे दोन मग घेऊन मागून आला. गमबूट घातले की तो एकेक पाऊल उपटून टाकत चालायचा.  एक मग त्याने तिच्या हातात दिला आणि खुंटांकडे वाकून, हाडाचा फोटो पाहावा तसं बराच वेळ पाहत राहिला.

"दुसऱ्यांदा," सुप्रभा म्हणाली.

"कोथिंबीर?"

"ती पहिल्याच खेपेला गेली. तिची चौकशी करू नका."

दोघंही डॉक्टर. तो हाडांचा, ती भूल देणारी. चौतीस वर्षं इंग्लंडमधल्या इस्पितळांत काढून सुप्रभा निवृत्त झाली, तेव्हा तिने मिल्टन कीन्सपासून अर्ध्या तासावरच्या या खेड्यात एक बैठं घर आणि घरामागची तीन एकर जमीन स्वतःच्या नावावर घेतली. पद्माकर वर्षभराने निवृत्त झाला आणि लंडनमधलं हाउन्सलोचं घर सोडून इथे आला. तेव्हापासून येईल त्याला तो सांगायचा की मी इथे घरजावई आहे. लोक हसत. सुप्रभाही हसायची, पण जमीन तिची आहे हे त्या हसण्यात सगळे विसरून जायचे. पत्र पाठवणारा आणि दारावर येणारा प्रत्येक जण त्यालाच मालक समजायचा.

जमिनीचं वेड तिचं होतं, आणि माठाचं वेड एका भांडणातून आलं होतं.

मागच्या वर्षी ऋषिपंचमीला लंडनच्याच पिनर भागात सुहासिनीकडे सगळ्या बायका जमल्या होत्या. सुहासिनी तिची जुनी मैत्रीण, तोंडाने फटकळ. पंचमीचा नेम असा की त्या दिवशी बैलाच्या कष्टाचं काही खायचं नाही. जे पिकवायचं ते माणसाच्या हाताने, कुदळीखुरप्याने, आणि त्याचीच सगळी भाजी एका पातेल्यात शिजवायची. सुहासिनीची भाजी चवीला उत्तम होती. सुप्रभाने दोनदा घेतली आणि मग सहज विचारलं की भाज्या कुठल्या. हाउन्सलोच्या दुकानातल्या, सुहासिनी म्हणाली. मग त्या ट्रॅक्टरच्याच की, सुप्रभा म्हणाली. सुहासिनीने वाटी खाली ठेवून सांगितलं की नेम बैलाचा आहे, ट्रॅक्टरला शिंगं नसतात. सगळ्या हसल्या. सुप्रभाला ते हसणं लागलं. पुढच्या पंचमीला माझ्या रानात या, ती म्हणाली, ना बैल ना इंजिन, अशी भाजी खाऊ घालते. सगळ्यांनी ते ऐकलं, आणि सुहासिनी तर वर्षभर फोनवर विचारत राहिली की तुझे हात अजून शाबूत आहेत ना.

शेजारचा शेतकरी डेरेक मार्चमध्ये ट्रॅक्टर घेऊन फाटकाशी आला होता. एवढा तुकडा मी चहा निवायच्या आत नांगरून देतो, म्हणाला. सुप्रभाने नको म्हटलं. कारण विचारलं तेव्हा तिने बैलाचा सगळा नेम त्याला सांगितला. डेरेकने टोपी काढून डोकं खाजवलं, पुन्हा टोपी घातली आणि म्हणाला की माझ्या आजोबांना हे आवडलं असतं, त्यांना बैलही आवडत नसत आणि ट्रॅक्टरही. मग ती आणि पद्माकर दोघांनी स्पेड, म्हणजे सपाट पात्याचं फावडं, आणि काटा घेऊन घरामागचा तुकडा उलथला. चिकणमाती होती. स्पेड काढताना माती बुटाला ओढून धरायची. पद्माकरच्या कमरेत उसण भरली आणि हाडांच्या डॉक्टरने दोन दिवस जमिनीवर उताणं पडून काढले. सुप्रभाच्या तळव्यांना फोड आले, फुटले आणि त्यांचे घट्टे झाले. एका संध्याकाळी तिने ते घट्टे एकमेकांवर घासून आवाज काढून दाखवला, तेव्हा पद्माकरला तिचा हेवा वाटला.

आणि आता ससे.

ससे हेजच्या, म्हणजे झुडपांच्या कुंपणाच्या, खालच्या उंच बांधात राहत होते. बांध सुप्रभाच्या हद्दीत, पलीकडे डेरेकचा गहू. भल्या सकाळी खिडकीतून पाहिलं तर ते गवतावर बसलेले दिसत, मागच्या पायांवर उभं राहून हवा हुंगत, कान सरळ करत. सुप्रभाने मक्याच्या रोपांवर दुधाच्या रिकाम्या बाटल्या बूड कापून घातल्या. भोपळ्याच्या वेलांवर कपड्यांच्या टोपल्या पालथ्या घातल्या. घरातलं जे पालथं घालता येईल ते रानात गेलं. मिहीर, त्यांचा मुलगा, रविवारी मिल्टन कीन्सहून बायकोला घेऊन आला तर त्याला कणीक मळायची परात घेवड्यावर पालथी सापडली. मिहीर इथेच जन्मलेला. बाबा, तो बघ, ती ससा आपल्याकडे बघते आहे, असं तो म्हणाला, आणि त्याची बायको अनुया, जी पुण्याची होती, तिने त्याला तिथेच दुरुस्त केलं. ससा मात्र खरंच बघत होता.

त्याच आठवड्यात डेरेक फाटकाशी आला. या खेपेला ट्रॅक्टर नव्हता आणि चेहरा बरा नव्हता. तो पद्माकरला बांधापलीकडे घेऊन गेला. खुरपं हातात असलेली सुप्रभा मागोमाग गेली, तिला कोणी बोलावलं नव्हतं. गव्हाची हेजलगतची लांब पट्टी हिरवळीसारखी बुटकी राहिली होती.

डेरेक आवाज न चढवता बोलला. ससे माझे नाहीत, ते माझ्याकडे फक्त जेवायला येतात, झोपायला तुमच्याकडे असतात. आणि ज्याच्या जमिनीत झोपतात त्याने त्यांचा बंदोबस्त करायचा असा इथला कायदा आहे. मारायचे, आणि मारणं शक्यच नसेल तर निदान नुकसान होऊ द्यायचं नाही. मी तक्रार करणार नाही, पण सांगितल्याशिवायही राहणार नाही. हे सगळं तो पद्माकरला सांगत होता. सुप्रभा बाजूला उभी राहून ऐकत होती, आणि तिच्या कानांच्या पाळ्या गरम झाल्या होत्या.

पद्माकरचा चेहरा मात्र उजळला होता. परत येताना त्याचे गमबूट चिखलात पहिल्यांदाच हलके पडत होते.

त्याच्या वडिलांकडे नगरजवळच्या मळ्यात पीकरक्षणाची ठासणीची बंदूक होती. रानडुकरांसाठी सरकारी परवान्यावर घेतलेली. वडील ती दिवाळीला तेल लावून पुसत आणि मुलांना दुरून बघू देत. पद्माकर डॉक्टरकीला शहरात गेला, मग विलायतेला आला, आणि बंदूक कधी हातात धरायची राहूनच गेली. जमीन असली की बंदूक मिळते हे त्याच्या डोक्यात तेव्हापासून पक्कं बसलेलं होतं. तो अंघोळ करून, टाय लावून गावातल्या पोस्टात गेला, कारण इस्पितळातल्या एका जुन्या गोऱ्या सहकाऱ्याने त्याला सांगितलं होतं की शिकारीचा परवाना पोस्टात मिळतो.

पोस्टातली बाई म्हणाली की तो परवाना फेझंट-बिझंट पक्ष्यांसाठी असायचा, तोही येत्या ऑगस्टपासून बंद होतोय, आणि आपल्याच जमिनीवरचा ससा मारायला तो कधीच लागत नव्हता. पद्माकर खूश झाला. मग बंदूक आणतो, म्हणाला. बाईने चष्म्यावरून पाहिलं. बंदुकीचा दाखला पोलीस देतात, ती म्हणाली, आणि ते जमीन बघत नाहीत, माणूस बघतात.

घरी येऊन त्याने सुप्रभाला हे सगळं सांगितलं. ती भाकरी थापत होती.

"म्हणजे ससा मारायला परवाना नको, पण ज्याने मारायचा ते हातात घ्यायला हवा," ती म्हणाली.

"मी अर्ज करतोय."

भाकरी तव्यावर पडली. सुप्रभाने पिठाचे हात झटकले. मग तिने सांगितलं की ऋषीच्या भाजीसाठी बैलाचा घामसुद्धा चालत नाही, आणि तुम्ही त्याच रानात रक्त सांडणार. पद्माकर म्हणाला, मग पंचमीला लोकांना काय वाढणार, लेंड्या?  भाकरी करपली, ती तिने त्याच्याच ताटात वाढली.

अर्ज गेला. कारपार्कच्या भिंतीसमोर उभं राहून त्याने फोटो काढून घेतले. मिहीरच्या ओळखीच्या सतीश नावाच्या वकिलाने सही केली, माणूस सज्जन आहे म्हणून. पोलिसांची बाई घर बघायला येणार, त्याआधी बंदुकीचं पोलादी कपाट भिंतीला बोल्टने पक्कं हवं. ते पद्माकरने स्वतः बसवलं, जिन्याखालच्या खोलीत. भिंतीला ड्रिल करताना तो शीळ घालत होता. हाडात स्क्रू बसवण्यात आयुष्य गेलं होतं, भिंत त्या मानाने सोपी. कपाट इतकं घट्ट बसलं की घर पडलं असतं तरी ते उभं राहिलं असतं. आत काहीच नव्हतं.

जुलै सगळा पावसात गेला. नदीकाठच्या गावांत पाणी शिरल्याचं टीव्हीवर दिसत होतं. बटाट्याच्या पाल्यावर काळे डाग आले, तेव्हा सुप्रभाने पाला कापून बटाटे लवकर काढले. लहान होते, पण निघाले. मका मात्र बाटल्यांच्या वर गेला होता आणि सशांच्या तोंडाला लागेनासा झाला होता. तिने माठ तिसऱ्यांदा पेरला. तोही गेला.

पद्माकरला दाखल्याची वाट बघवेना. डेरेकनेच त्याला वाट दाखवली. दाखला नसलेल्या माणसाला आपली बंदूक आपल्या जमिनीवर, आपण शेजारी उभं राहून वापरू देता येते, असं तो म्हणाला. ज्याच्या ताब्यात जमीन, त्याची बंदूक, आणि तो स्वतः हजर, एवढ्यावर चालतं. मग चला माझ्या रानात, पद्माकर म्हणाला. तिथे नाही चालणार, डेरेक म्हणाला. ते रान माझं नाही. तुमच्या रानात तुम्ही माझी बंदूक धरू शकत नाही, माझ्या रानात धरू शकता.

हे ऐकून सुप्रभा इतकी हसली की तिला मक्याच्या ताटाला धरावं लागलं. स्वतःच्या घरच्या जमिनीवर माणसाला काठी, आणि शेजाऱ्याच्या जमिनीवर बंदूक.

संध्याकाळी पाऊस थांबला तसे दोघे गव्हाच्या कडेला जाऊन उभे राहिले. डेरेकने पद्माकरचा खांदा, हनुवटी, डावा पाय नीट करून दिला. सुप्रभा आपल्या बाजूला फाटकावर कोपर टेकून पाहत होती. ससे बाहेर आले. सगळे तिच्या बाजूला आले. बांधावर रांगेने बसले आणि गव्हात बंदूक धरून उभ्या असलेल्या डॉक्टरकडे पाहू लागले. हेजकडे तोंड करून बार काढायचा नाही असं डेरेकने बजावलं होतं. पद्माकर तसाच उभा राहिला. त्याच्या कपाळावर चिलटं बसली, ती त्याने उडवली नाहीत. शेवटी एक पोरगेला ससा हद्द ओलांडून गव्हात उतरला आणि डेरेक हळूच म्हणाला, आता.

बार झाला. कावळे उडाले. पद्माकर मागे बसला, थेट ओल्या गव्हात. ससा होता तिथेच क्षणभर थांबला, एक कान खाली केला आणि मग निवांत उड्या मारत सुप्रभाच्या बाजूला घरी गेला.

डेरेकने बंदूक मधोमध उघडून काडतूस काढलं आणि आकाशाकडे पाहत म्हणाला की वारा होता. वारा मुळीच नव्हता.

घरी सुप्रभाने त्याचा शर्ट काढला. उजव्या खांद्यावर जांभळा डाग उठला होता. तिने फ्रीजरमधली मटारची पिशवी त्यावर धरली.

"हे मटार ट्रॅक्टरचे," ती म्हणाली.

"गार आहेत. चालतील."

"आणि ससा चुकला याचं वाईट वाटतंय?"

पद्माकरने पिशवी स्वतःच्या हाताने धरली. "नाही ग. मी ट्रिगर ओढताना डोळे मिटले होते," तो म्हणाला. "पण डेरेकला सांगू नकोस. आणि दाखला मला पाहिजे. बाबांनी नुसती दुरून बघू दिली."

सुप्रभाने पिशवी उलटी करून गार बाजू लावली. तिला पहिल्यांदा कळलं की त्याला ससे नको होते, बंदूक हवी होती. आणि हेही कळलं की बंदूक आली की एक ना एक दिवस डोळे उघडे राहणार.

पोलिसांची बाई जुलैच्या अखेरीस आली. मिसेस हॉब्ज, पन्नाशीची, गुडघे दुखणारी. पद्माकरने तिचे गुडघे दारातच ओळखले आणि कपाट दाखवण्याआधी तिला एक व्यायाम दाखवला. तिने कपाट हलवून पाहिलं. हललं नाही. किल्ली कोणाकडे राहील, तिने विचारलं. फक्त माझ्याकडे, तो म्हणाला. घरात दुसऱ्या कोणाला ठावठिकाणा सांगायचा नाही, बायकोलासुद्धा नाही, ती म्हणाली, आणि त्याने अगदी मन लावून मान हलवली. मग तिने विचारलं की बंदूक कुठे वापरणार.

"माझ्या जमिनीवर," पद्माकर म्हणाला. "मागे तीन एकर आहे."

चहा गाळणारी सुप्रभा थांबली. गाळणं तिच्या हातात तसंच राहिलं.

पद्माकरने तिच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर आधी काहीच नव्हतं, मग कानशिलांवर हळूहळू लाली चढली. "म्हणजे," तो म्हणाला, "हिची. जमीन हिची आहे. मी इथे घरजावई आहे."

त्या शब्दाचा अर्थ मिसेस हॉब्जला सांगावा लागला. ती हसली नाही. तिने खुर्ची फिरवून सुप्रभाकडे तोंड केलं आणि कप बाजूला सारला.

"मग तुमच्याशीच बोलायला हवं," ती म्हणाली. "दाखला आम्ही देतो, कारण तो माणसाचा असतो. पण जमिनीवर बार काढायला जमिनीच्या मालकाची परवानगी लागते. मालकीण तुम्ही. तुमची परवानगी आहे का? आणि घरात बंदूक असण्याची तुम्हाला काही भीती?"

 बाहेर पन्हळीतून पाणी पडत होतं. सुप्रभाने नवऱ्याकडे पाहिलं. तो टेबलाच्या कडेवरचं लाकूड नखाने घासत होता, परीक्षेच्या निकालाची वाट बघत बसलेल्या मुलासारखा. तो परक्या बाईसमोर तिला काही विचारणार नव्हता. नाही म्हटलं तर प्रश्न इथेच मिटत होता. माठ वाचला नसता तरी रान सोवळं राहिलं असतं. आणि हा माणूस आयुष्यभर दुरून बघणाराच राहिला असता, या खेपेला बायकोमुळे.

"भीती नाही," ती म्हणाली. "हे सांभाळून राहणारे आहेत. गाडीसुद्धा लाल दिवा हिरवा झाल्यावर क्षणभर थांबून काढतात. दाखला द्या त्यांना. परवानगीही माझी आहे." मग तिने चहा गाळला, तिघांचे कप भरले आणि बसली. "पण पंचमीपर्यंत बंदूक नको."

मिसेस हॉब्जने विचारलं की पंचमी म्हणजे कधी. सप्टेंबरच्या मध्याला, सुप्रभा म्हणाली. त्यावर ती बाई पहिल्यांदा हसली. आमच्या कचेरीत कागद इतके साचलेत की ऑक्टोबरच्या आत तुमच्या हातात काही पडणार नाही, ती म्हणाली, तेव्हा तुमच्या देवाची आणि आमची वेळ जुळते आहे.

ती गेल्यावर पद्माकर बराच वेळ सिंकशी कप विसळत राहिला. कप तीनच होते.

"मालकीणबाई," तो शेवटी म्हणाला, "पंचमीपर्यंत सशांचं काय करायचं?"

"कायद्यात दुसरं कलमही आहे. नुकसान होऊ द्यायचं नाही. चर खणायचा आणि जाळी पुरायची."

"कोणी?"

"ज्याला परवानगी मिळाली त्याने."

दुसऱ्या दिवसापासून तो खणायला लागला. सगळ्या वाफ्यांभोवती चर, तोही हाताने, कारण डेरेकचं यंत्र सुप्रभाने वाफ्यांच्या जवळ येऊ दिलं नाही. तारेची जाळी जमिनीत वीतभर पुरायची आणि खाली बाहेरच्या बाजूला वळवून टाकायची, म्हणजे ससा उकरायला लागला की तारच लागते. हे डेरेकने दाखवलं. पद्माकर खणायचा, सुप्रभा माती ओढायची. पावसाने चर पुन्हा भरायचा, मग डब्यांनी पाणी उपसायचं. जाळीची टोकं हातमोज्यांतून बोचत. एका दुपारी पद्माकरने सदरा काढला, आणि खांद्यावरचा जांभळा डाग पिवळा झालेला सुप्रभाला दिसला. अंगाला मातीचा वास येत होता. तो मध्येच स्पेडवर हनुवटी टेकून म्हणाला की हाउन्सलोत असताना मी संध्याकाळी इतका थकायचो, पण झोप अशी लागायची नाही.

शनिवारी मिहीर आणि अनुया आले. मिहीरने दिवसभर खुंट ठोकले आणि संध्याकाळी सोफ्यावर बुटांसकट झोपला. रविवारी दुपारी एक गाडी फाटकाशी थांबली. सुहासिनी उतरली, पांढरे बूट, पांढरी पँट. मी फक्त बघायला आले, ती म्हणाली, पंचमीला उपाशी राहायचं की डबा आणायचा ते ठरवायला. ती चराच्या कडेने चालत सगळं बघत राहिली. मग सुप्रभाचे तळहात हातात घेऊन उलटे केले आणि घट्ट्यांवरून अंगठा फिरवला.

थोड्या वेळाने तिने विचारलं, "दुसरं फावडं आहे का?"

"पांढरी पँट आहे तुझी."

"तुझ्याकडे जुनी सलवार असेल. मला आयतं खायची सवय नाही, सुप्रे. तू आता सगळीकडे सांगत फिरशील."

पिनरची सुहासिनी संध्याकाळपर्यंत चरात उभी होती. जाताना तिच्या नाकावर चिखल होता. तिने आरशात पाहून तो तसाच ठेवला, घरी नवऱ्याला दाखवायला म्हणून.

जाळी पूर्ण झाली त्या दिवशी ऊन पडलं. सुप्रभाने माठ चौथ्यांदा पेरला. ससे आले, जाळीशी बसले, नाकं हलवली. एकाने उकरायला सुरुवात केली, तार लागली तसा थांबला आणि पुन्हा दुसरीकडे उकरू लागला. पद्माकर खिडकीत चहा घेऊन उभा राहून त्याला इंग्रजीत धीर देत होता. डेरेकचा विषयही मिटला. बांधातल्या बिळांत फेरेट, म्हणजे मुंगसासारखं पाळीव जनावर, सोडून ससे पकडायची परवानगी सुप्रभाने त्याला दिली, पंचमीनंतर. डेरेक म्हणाला, पाला झडल्याशिवाय ते काम तसंही होत नाही, हिवाळ्यातलं आहे. आणि या खेपेला हे बोलताना तो टोपी काढून सुप्रभाकडे तोंड करून उभा होता. जाळीच्या उरलेल्या गुंडाळीतून पद्माकरने त्याच्या गव्हाच्या बाजूलाही एक रांग घालून दिली.

माठ उगवला. वाढला. कोणी खाल्ला नाही.

पंचमीला रविवार होता. पहाटे सुप्रभाने न्हाऊन, ओल्या केसांवर टॉवेल बांधून माठ कापला. मक्याची कणसं, लाल भोपळा, घेवडा, छोटे बटाटे, मुळे आणि आपोआप उगवलेला चाकवत. चाकवत डेरेकच्या गव्हातही माजला होता. तो त्याला तण म्हणून औषध मारायचा. मोठं पातेलं अंगणात मांडलं. मिरची आणि चिंच टाकली, तेल नाही, फोडणी नाही. वाफ निघाली तसा अंगणभर वास पसरला.

बायका आल्या, नवरे आले, मुलं आली. गाड्या डेरेकच्या गवतात लागल्या. डेरेकही आला, इस्त्रीचा शर्ट घालून, आणि बायकांच्या पंगतीत सुहासिनीच्या शेजारी बसला. सुहासिनीने त्याला सगळ्या बायकांसमोर नेम समजावून सांगितला, बैल, इंजिन, हात, जणू तो नेम तिनेच घालून दिला होता. आणि शेवटी म्हणाली की यातला एक चर माझा आहे. सुप्रभाने ते ऐकलं आणि तिच्या ताटात कणसाचा मोठा तुकडा वाढला.

सुहासिनीने घास घेतला. सगळ्या तिच्याकडे पाहत होत्या.

"मीठ कमी आहे," ती म्हणाली. मग दुसरा घास घेतला, तिसरा घेतला आणि पातेल्याकडे पाहून हळूच म्हणाली, "दुकानात ही चव मिळत नाही ग."

सुप्रभा उठून आत गेली. जिन्याखालच्या खोलीत जाऊन तिने डोळे पुसले आणि पुन्हा बाहेर येऊन वाढायला लागली.

संध्याकाळी सगळे गेल्यावर दोघं पायरीवर बसली. ससे जाळीबाहेर आले होते. दाखला अजून आला नव्हता, तरी पद्माकर म्हणाला, उद्यापासून माझी परवानगी सुरू. सुप्रभाने हो म्हटलं. मग तोच म्हणाला की आता दोन दिवसांत गौरी येतील, गौरी जेवल्याशिवाय नको. गौरी गेल्या, तेव्हा म्हणाला की अनंत चतुर्दशी होऊ दे. चतुर्दशी झाली, तेव्हा म्हणाला की पितृपंधरवड्यात कसं करायचं. सुप्रभाने एकदाही आठवण करून दिली नाही.

दाखला दसऱ्याच्या सुमारास आला. पद्माकरने तो उजेडात धरला, स्वतःचं नाव मोठ्याने वाचलं, वडिलांचा फोटो होता त्या फळीवर पुजला आणि हळदकुंकू लावलं. बंदूक घ्यायला आज जाऊ, उद्या जाऊ, असं चाललं. कपाट बंदुकीवाचून उघडंच पडलं होतं. आणि उंदरांनी बी खाऊ नये म्हणून माठाचं, भोपळ्याचं, घेवड्याचं बी सुप्रभाने बाटल्यांत भरून त्यातच ठेवून दिलं होतं.

मार्च आला. डेरेकने बांधातले ससे पुष्कळ कमी केले होते, तरी दोन-चार गवतावर बसलेले दिसत होतेच. सुप्रभाने खुरपं घासून ठेवलं, वाफे उलथले आणि बी काढायला जिन्याखाली गेली. कपाटाला आता कुलूप होतं.

"अहो," तिने हाक मारली, "किल्ली कुठे आहे?"

पद्माकर स्वयंपाकघरातून आला. हात पुसले, दारात उभा राहिला, छाती पुढे काढली.

"सांगता येत नाही. दाखलेवाल्याशिवाय कोणाला कळता कामा नये. बायकोलासुद्धा."

"आत माझं बी आहे."

"कपाट माझं आहे. मालकाची परवानगी लागते."

सुप्रभाने किल्लीसाठी दोन्ही हात पुढे केले. त्याने तिच्या तळव्यांकडे पाहिलं. हिवाळ्यात घट्टे मऊ झाले होते, आता पुन्हा धरू लागले होते. ती जिन्याच्या पायरीवर बसली आणि आपल्या शेजारी हात थोपटला. तो येऊन बसला.

"बरं, द्या परवानगी," ती म्हणाली. "अट काय?"

तो विचार करू लागला. बाहेर डेरेकचा ट्रॅक्टर चालू झाल्याचा आवाज आला.

"या वर्षी चर मी खणणार नाही," तो म्हणाला.

"चर खणायचा नाहीच. जाळी आहे तशीच आहे."

"मग दुसरी अट सांगतो. माठाचा पहिला वाफा मी पेरणार."

त्याने किल्ली खिशातून काढली. ती पहिल्यापासून तिथेच होती.